पैठण ते मगध, व्हाया उज्जैन

धर्मग्रंथ म्हटलं की आपण एकतर हात जोडतो, नाहीतर जांभई देतो. माझं म्हणणं, कधीतरी नकाशा घेऊनही बसावं.

पाली 'सुत्तनिपात'चा शेवटचा भाग 'पारायनवग्ग'. त्यात गोदावरीकाठी राहणारा बावरी नावाचा म्हातारा ब्राह्मण आपल्या १६ शिष्यांना बुद्धाकडे धाडतो. आणि वाटेतली गावं चक्क ओळीने दिली आहेत! पतिट्ठान म्हणजे आपलं पैठण, मग महिस्सती, उज्जेनी, पुढे वेदिसा, कोसंबी, साकेत, सावत्थी... बुद्ध भेटतात थेट मगधात. ॲटलासमध्ये उज्जैन, विदिशा, कौशांबी, श्रावस्ती शोधा. एसटीच्या पाटीवर असावा तसा क्रम लागतो.

अभ्यासक म्हणतात, ही प्रस्तावना मूळ प्रश्नोत्तरांनंतरची. 'निद्देस' ही जुनी टीका प्रश्नांवर बोलते, प्रस्तावनेवर नाही. मग काय, फेकून द्यायची? मुळीच नाही! ज्याने ती जोडली त्याला हा रस्ता पाठ असणार. दख्खनची माणसं या रस्त्याने उत्तरेत जात, हे त्याला सांगण्यासारखं वाटलं. मला तरी हे कुठल्याही चमत्कारापेक्षा मोलाचं वाटतं. मात्र 'बुद्ध पैठणला आले होते' असं कुणी ठोकून दिलं तर त्याला या गाथा दाखवा. आले नव्हते, आपले लोक तिकडे गेले, एवढंच त्यात आहे.

धर्मानंद कोसंबींनी 'सुत्तनिपात' मराठीत आणलंय. माझ्यासारख्या कॉन्व्हेंटवालीलाही ते झेपतं (जोडाक्षरांवर अडखळत का होईना). आपल्या लायब्ररीत मराठीचं एकच कपाट, त्यात हे पुस्तक नाही. लायब्ररीयन सर, पुढच्या यादीत घ्याल?