फिल्मचा गहिवर आणि जतनाचा प्रश्न

फिल्मवर चित्रित केलेला चित्रपटच खरा, व्हिडिओवरचा केवळ त्याचा आभास, असे मानणारा एक संप्रदाय आपल्याकडे आहे. फिल्मला ‘आत्मा’ असतो आणि ती महाग असल्यामुळे दिग्दर्शकाला शिस्त लागते, हे त्याचे दोन मुख्य युक्तिवाद.

पहिल्याला उत्तर देण्याचे कारण नाही. चांदीच्या क्षारांत आत्मा असेल तर तो फुटाच्या भावाने विकत मिळतो, असे म्हणावे लागेल. दुसरा मात्र तपासण्याजोगा आहे. ३५ मिलिमीटर फिल्मचे हजार फुटी रीळ सुमारे अकरा मिनिटांत संपते. म्हणूनच ‘रोप’मध्ये (१९४८) हिचकॉकला काही सांधे पात्रांच्या पाठीआड लपवावे लागले. सोकुरोव्हने ‘रशियन आर्क’ (२००२) हा सुमारे दीड तासाचा चित्रपट डिजिटल कॅमेऱ्याने एकाच अखंड शॉटमध्ये चित्रित केला. त्यामागच्या तयारीला बेशिस्त कोण म्हणेल? शिस्त टंचाईतूनच येत असती, तर बोरूने लिहिणारा प्रत्येक जण थोर गद्यकार ठरला असता.

फिल्मची खरी बाजू वेगळीच आहे, आणि तिचे भक्त नेमकी तीच मांडत नाहीत. थंड, कोरड्या जागी नीट ठेवलेली फिल्म अनेक दशके टिकते. उजेडासमोर धरली की तीवरचे चित्र दिसते. हार्ड डिस्क काही वर्षांत बंद पडू शकते आणि फाइल वाचणारी यंत्रणाही कालबाह्य होते. फिल्म थोडेफार दुर्लक्ष सोसते. डिजिटल प्रत ते फारसे सोसत नाही.

पण फिल्मच्या सोशिकतेलाही सीमा आहे. ‘आलम आरा’ (१९३१) आज उपलब्ध नाही. ‘राजा हरिश्चंद्र’चा (१९१३) काही भागच उरला आहे. चांदी काढण्यासाठी जुन्या प्रती नष्ट केल्या गेल्या. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात लागलेल्या आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फिल्म जळाल्या. हे सारे फिल्मवरच होते. फिल्मने ते वाचवले नाही.

तेव्हा चित्रण कशावर करावे, हे ज्याचे त्याने ठरवावे. विचारायचे ते हे, की आजच्या डिजिटल मराठी चित्रपटाची मूळ प्रत कोणाकडे आहे, ती वेळोवेळी नव्या साठ्यावर कोण उतरवतो आणि तो खर्च कोण सोसतो? हस्तलिखितांच्या पाठभेदांवर प्रबंध लिहिणाऱ्या आपल्या विद्यापीठांना हा प्रश्न परका वाटू नये. पोथीच उरली नाही, तर पाठभेद कशाचे तपासणार?