आवाज कुणाचा?

पुरुषोत्तम करंडकाच्या दिवसांत पुण्याचं भरत नाट्य मंदिर एका आरोळीनं दणाणून जातं – 'अरे, आवाज कुणाचा?' कॉलेजात असताना मीही घसा बसेपर्यंत ओरडलो आहे. गेल्या हिवाळ्यात तोच प्रश्न माझ्या मुलीनं अगदी साध्या सुरात विचारला. आम्ही जुनी लूनी ट्यून्स कार्टून्स पाहत होतो. पडद्यावर ट्वीटीची आजी सिल्व्हेस्टर बोक्याच्या मागे लागली होती. "बाबा, ह्या आजीचा आवाज कुणाचा?" मी ऐटीत सांगितलं, "मेल ब्लँकचा. सगळे आवाज त्याचेच." नाव पडद्यावर होतंच की!

मी साफ चुकलो होतो. १९५० सालच्या 'कॅनरी रो'मध्ये आजीला बोलतं केलं ते बी बेनाडेरेट या अभिनेत्रीनं. रेडिओवरची ती कसलेली कलाकार. त्या काळात वॉर्नर ब्रदर्सच्या कार्टूनमध्ये एखादं स्त्रीपात्र बोललं, तर बऱ्याचदा आवाज तिचाच असे. नाव मात्र कुठेच नसे.

१९४४ सालचं 'लिटल रेड रायडिंग रॅबिट' पाहा. ससा ब्लँकचा, लांडगा बिली ब्लेचरचा, आणि कर्कश ओरडत येणारी ती पोर बेनाडेरेटची. तिच्या आरडाओरड्यावरच अर्धी गंमत उभी आहे. ब्लँकचं नाव पडद्यावर प्रथम झळकलं ते याच कार्टूनमध्ये. बाकी दोघांचं नाही!

हे घडलं कसं? ब्लँकनंच पुढे सांगितलं आहे – त्यानं निर्माते लिऑन श्लेसिंजर यांच्याकडे पगारवाढ मागितली, ती मिळाली नाही, तेव्हा त्यानं निदान नाव तरी द्या म्हटलं. म्हणजे नाव दिलं गेलं ते पैसे वाचवायला. मग ज्यानं मागितलं त्याला मिळालं, बाकीचे राहिले. १९५५ च्या सुमारास आजीचा आवाज जून फोरे या दुसऱ्या गुणी अभिनेत्रीकडे गेला. प्रेक्षकांना त्याचाही पत्ता नाही. पडद्यावर नाव ब्लँकचंच.

यावर आपली मंडळी म्हणतील, "करारच तसा होता." आम्ही कन्सल्टंट लोक तर कराराची पूजा करणारे! पण करारानं पैसे कुणाला द्यायचे ते ठरतं, काम कुणी केलं हे सत्य त्यानं बदलत नाही. दुसरे म्हणतील, "ब्लँक होताच तेवढा मोठा." होताच, वादच नाही. म्हणून दुसऱ्याचं कामही त्याच्या खात्यावर जमा करायचं? तिसरे म्हणतील, "तिला पुढे टीव्हीवर नाव मिळालंच की." मिळालं. 'फ्लिंटस्टोन्स'ची बेटी रबल तिचीच, 'पेटिकोट जंक्शन'मध्ये तर ती प्रमुख भूमिकेत होती. पण एका दुकानातली उधारी दुसऱ्या दुकानात फिटते का?

हे 'तिकडचं' म्हणून सोडू नका. १९४९ च्या 'महल'मधल्या गाण्याच्या रेकॉर्डवर लताबाईंचं नाव नव्हतं. छापलं होतं पडद्यावरच्या पात्राचं नाव, 'कामिनी'! गाणारी कोण, असं श्रोत्यांनी विचारलं, म्हणून नाव बाहेर आलं. आजीचा आवाज कुणाचा, हे मात्र माझ्यासारख्यांनी कधी विचारलंच नाही. पडद्यावर दिसलं ते खरं मानलं. माझ्या मते बेनाडेरेटवर अन्याय स्टुडिओनं केला, तो टिकवला आपण प्रेक्षकांनी.

म्हणून एक विनंती. आपल्या मंडळाच्या कार्यक्रमांतही विंगेतून आवाज देणारी, प्रॉम्प्टिंग करणारी, मुलांकडून मराठी उच्चार घटवून घेणारी माणसं असतात, आणि त्यांत बायका जास्त असतात. शेवटी 'आणि इतर अनेक' म्हणून आपण आभार उरकतो. यंदा ते तीन शब्द खोडा आणि नावं लिहा. कागद थोडा जास्त लागेल, इतकंच.

मुलीला मी दुसऱ्या दिवशी खरं उत्तर सांगितलं. ती म्हणाली, "मग नाव का नाही लिहिलं?" याचं पटण्यासारखं उत्तर माझ्याकडे नव्हतं.