अर्धा तास उशिरा उठा!

'फिलोगेलोस' म्हणजे हास्यप्रेमी. या नावाचा ग्रीक विनोदसंग्रह साधारण चौथ्या-पाचव्या शतकातला मानतात. त्यात अडीचशेहून अधिक विनोद आहेत. कंजूष, आळशी, बावळट पंडित यांच्याबरोबर आम्हा डॉक्टरांचीही त्यात टर उडवली आहे. एका विनोदात रुग्ण सांगतो की झोपेतून उठल्यावर अर्धा तास चक्कर येते, मग बरं वाटतं. यावर वैद्याचा सल्ला असा, की मग अर्धा तास उशिरा उठत जा.

हसलात ना? मीही हसलो होतो. पण हा विनोद दीड हजार वर्षं टिकला, कारण त्यातला डॉक्टर अजून निवृत्त झालेला नाही.

काही वर्षांपूर्वी माझे एक रुग्ण, निवृत्त शिक्षक, म्हणाले, "डॉक्टर, सकाळी उठलं की न पिताच चढते!" आम्ही दोघंही हसलो. बसवून बीपी मोजलं, ठीक होतं. त्याच गोळ्या चालू ठेवल्या. पंधरा दिवसांनी पहाटे ते बाथरूमच्या दारात पडले आणि खुब्याचं हाड मोडलं. उभं करून बीपी मोजायला दोन-तीन मिनिटं लागली असती. ती मी हसण्यावारी नेली.

झोपून किंवा बसून उठल्यावर तीन मिनिटांत वरचं बीपी 20 ने किंवा खालचं 10 ने उतरलं, तर त्याकडे दुर्लक्ष करू नये. बीपीच्या किंवा प्रोस्टेटच्या काही गोळ्या, शरीरात पाणी कमी होणं, जुना मधुमेह ही त्याची नेहमीची कारणं. गोळ्या मात्र मनाने बंद करू नका. डॉक्टरांना भेटा. तोवर उठताना आधी कुशीवर वळा, मिनिटभर काठावर बसा, मग आधार घेऊन उभे राहा.

जे उघड बोलता येत नाही ते विनोदातून बाहेर पडतं, असं सिग्मंड फ्रॉइड यांनी 1905 च्या आपल्या पुस्तकात मांडलं. माझ्या दवाखान्यात ते रोज दिसतं. छातीत दुखतं म्हणायची भीती वाटते, म्हणून माणूस 'काल वडे जरा जास्तच झाले' म्हणत हसतो.

विनोद जरूर करा, दवाखान्यातही करा. पण हसून झाल्यावर तक्रार सरळ शब्दांत पुन्हा सांगा. आणि डॉक्टर नुसतेच हसले, तर त्यांना विचारा, "उभं करून बीपी बघता का?"