कलम गेले, एकाकीपण उरले

भारतीय दंडसंहितेचे ४९७ वे कलम सर्वोच्च न्यायालयाने २७ सप्टेंबर २०१८ रोजी घटनाबाह्य ठरविले आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही त्याला स्थान मिळाले नाही. व्यभिचार हा आता फौजदारी गुन्हा नाही. घटस्फोटाचे कारण मात्र आहे. वाशिमसारख्या लहान शहरात या बदलाने काय फरक पडला, हे पाहू गेल्यास हाती फारसे काही लागत नाही.

जुने कलम विचित्रच होते. विवाहितेशी संबंध ठेवणाऱ्या पुरुषाला पाच वर्षांपर्यंत कैद. पण तिच्या नवऱ्याची संमती असल्यास गुन्हाच नाही. स्वतःचा नवरा बाहेर रमला, तर पत्नीला मात्र फिर्यादीचा हक्क नव्हता. बायको म्हणजे मालमत्ता, असाच याचा अर्थ. तरीही १९५४ साली युसूफ अब्दुल अझीझ खटल्यात व पुन्हा १९८५ मध्ये ते न्यायालयात टिकले. त्यात स्त्रीला शिक्षा नव्हती, एवढेच. गल्लीचा कायदा नेमका उलटा. तेथे पुरुषाचे चार दिवसांत विसरले जाते आणि बाई जन्मभर ‘तसली’ ठरते. तो कायदा रद्द करणारे घटनापीठ अद्याप बसलेले नाही.

घर आधीच ओस का पडले होते, हे या दोन्ही कायद्यांनी कधी विचारले नाही. १९९८ साली अकोल्यातून वेगळा झालेला हा जिल्हा मुख्यतः सोयाबीन-तुरीवर जगतो. शिकलेला मुलगा पुण्यात नोकरी धरतो, बायको रिसोडला किंवा मंगरुळपीरला सासू-सासऱ्यांपाशी राहते. तो दिवाळीला येतो. घरात माणसे असतात, बोलायला कोणी नसते. आणि पुण्याच्या खोलीत तो तरी कोणाशी बोलतो? अशा वेळी कोणी साधी विचारपूस केली, तरी तिचे मोल अवास्तव वाढते. विश्वासघाताचे हे समर्थन नव्हे. फसविल्या गेलेल्या जोडीदाराचे दुःख खरेच असते. पण त्या दुःखाची सुरुवात पुष्कळदा त्या तिसऱ्या माणसाच्या आधीच झालेली असते.

शासनाला हे अगदीच ठाऊक नाही, असे नाही. जिल्हा परिषद शिक्षकांच्या २०१७ च्या बदली धोरणात पती-पत्नींच्या नोकरीच्या ठिकाणांत ३० किलोमीटरहून अधिक अंतर असल्यास एकत्रीकरणाची तरतूद झाली. त्यासाठी दोघेही नोकरीत हवेत. रिसोडच्या गृहिणीने आणि पुण्याच्या खासगी कारखान्यातील तिच्या नवऱ्याने अर्ज कोठे करावा, याला त्या धोरणात रकाना नाही.