तळघराला कुलूप असू दे, डोक्याला नको

गेम खेळणाऱ्या कुणालाही हे तळघर ओळखीचं वाटेल. जमिनीखाली खोल दगडी दार, दारावर मंत्राची मोहोर, आत शापित तलवारी, मुकुट आणि आरसे. हात लावला की खेळ खल्लास. फँटसी कादंबऱ्या, अ‍ॅनिमे, वेबसिरीज, सगळीकडे हे तळघर आहे आणि त्याची मजाही तेवढीच आहे. कारण मेलो तरी पुन्हा सुरू करण्याचं बटण आपल्याच हातात असतं.

शहापूर-मुरबाडच्या पोरांना असं तळघर शोधायला मोबाईलचीही गरज नाही. घरातल्या म्हाताऱ्या माणसांच्या गोष्टीत ते असतंच. अमक्या गडावर सोन्याचे हंडे पुरलेत, तमक्या वाड्याच्या जोत्याखाली मोहरा आहेत, हंड्यांवर नाग बसलाय, अमावस्येच्या रात्री टाक्यात साखळ्या खळखळतात. ऐकायला एकदम भारी. गोष्ट गोष्टीपुरती राहिली, तर ती आपल्या मातीचीच श्रीमंती आहे. कुणीतरी कुदळ उचलली की मामला बिघडतो.

गुप्तधन काढून देणाऱ्या बाबा-मांत्रिकांचा धंदा ठरलेल्या पायऱ्यांनी चालतो. आधी लिंबू-अंगारा, मग पूजेच्या सामानाचे पैसे, मग ‘नाग कोपलाय’ म्हणून आणखी पैसे, मग कोंबडा, मग बकरा. आणि तरीही काही सापडलं नाही, की मागणी कुठे जाते हे महाराष्ट्राने पाहिलेलं आहे. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला परभणी जिल्ह्यातल्या मानवतमध्ये बायका आणि लहान मुलींचे एकामागून एक खून झाले. तपासात जी कारणं पुढे आली, त्यात पिंपळाखालच्या गुप्तधनाचा लोभ होता. गोष्टीतलं तळघर शापित वस्तूंमुळे धोकादायक असतं. आपल्याकडचं तळघर रिकामं असूनही माणसं मारतं.

यात सगळ्यात आधी भरडला जातो तो ‘पायाळू’. जन्मताना ज्याचे पाय आधी बाहेर आले, त्याच्या डोळ्यांत अंजन घातलं की त्याला जमिनीखालचं धन दिसतं, हा जुना समज. पोटातलं बाळ पायाकडून असणं ही डॉक्टर-नर्ससाठी बाळंतपणातली नेहमीची अडचण आहे, दिव्यदृष्टीचा दाखला नाही. पण या समजापायी एखाद्या अजाण पोराला रात्री-अपरात्री खड्ड्याजवळ बसवलं जातं. त्याच्या जागी आपला धाकटा भाऊ आहे असं क्षणभर समजा. मग या गोष्टीतली सगळी मजा उतरते.

कायदा याबाबत अगदी स्पष्ट आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात खून झाला आणि त्यानंतर त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा आला. गुप्तधनाच्या शोधात केलेली अमानुष कृत्यं त्यात नाव घेऊन नमूद आहेत. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत. खरोखरच काही सापडलं तर काय करायचं, याचाही कायदा आहे आणि तो चक्क १८७८ सालचा आहे. दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचं पुरलेलं धन सापडलं, तर जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवायचं. कळवणाऱ्याला त्यात कायद्याने वाटा मिळू शकतो. लपवणाऱ्याचा वाटा जातो आणि वर शिक्षा होते. म्हणजे सरळ मार्गाने गेलात तर मंत्र लागत नाही, एक अर्ज लागतो.

‘पण खरी तळघरं असतातच ना?’ असं कुणी विचारेल. असतात की. तिरुवनंतपुरमच्या पद्मनाभस्वामी मंदिराची तळघरं सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने २०११ मध्ये उघडून मोजदाद झाली. त्यातलं ‘ब’ तळघर उघडलं तर अनर्थ होईल, अशी श्रद्धा आहे. ते उघडायचं की नाही, याचा निर्णय न्यायालयाने २०२० मध्ये मंदिराच्या समित्यांवर सोडला. पुरीच्या जगन्नाथ मंदिरातलं रत्नभांडार १४ जुलै २०२४ रोजी उघडलं, तेव्हा आत नाग असतील म्हणून सर्पमित्र सज्ज ठेवले होते. कुलपं तोडावी लागली. नाग काही निघाला नाही. श्रद्धेचा मान राखूनही दार कसं उघडायचं, ते इथे दिसलं. दिवसाउजेडी, अधिकाऱ्यांसमोर, यादी करून. जे काम अंधारात, बोभाटा न करता आणि पैसे आगाऊ घेऊन करायचं असतं, त्यात धन नसतं, फसवणूक असते.

बंद भुयाराचा एक धोका मात्र खरा आहे, आणि तो शापाचा नाही. जुन्या विहिरीत किंवा बुजलेल्या तळघरात प्राणवायू कमी असतो, विषारी वायू साचलेला असतो. पहिला उतरतो आणि कोसळतो, त्याला काढायला दुसरा उतरतो, तोही कोसळतो. लोक म्हणतात नागाने नेलं. नेलेलं असतं हवेने.

आता आपल्या भागातल्या खऱ्या खजिन्याकडे या. १६३६ मध्ये शहाजीराजांनी मोगल-आदिलशाही फौजांविरुद्धची शेवटची झुंज ज्या माहुलीवर दिली, तो गड आसनगाव स्टेशनातून डोळ्यांनी दिसतो. मुरबाडमधल्या वैशाखऱ्याजवळून नाणेघाट चढलात, की वर सातवाहनांची लेणी आहे. तिच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत दोन हजार वर्षांपूर्वीची दानं कोरलीत: हजारो गाई, घोडे, कार्षापण नाणी. आकड्यांसकट. एवढ्या श्रीमंत राजघराण्याने आपल्या धनाचा हिशेब उघड्या भिंतीवर लिहून ठेवला, आणि आपण आजही कुठल्यातरी जोत्याखाली हंडा शोधतोय!

गडावर खणलेला प्रत्येक खड्डा हा इतिहासाचा एकेक पुरावा मोडतो. मातीच्या थरात कुठल्या खापराशेजारी कुठलं नाणं होतं, यावरून अभ्यासक काळ ठरवतात. कुदळीने तो थर एकदा उलथला की पुन्हा जुळत नाही. इथे रिस्टार्टचं बटण नाही.

म्हणून दोस्तांनो, दोन कामं करा. पुढच्या ट्रेकला माहुलीवर किंवा नाणेघाटात ताजा खड्डा, हळदकुंकू, लिंबं असं काही दिसलं, तर त्याची रील करून ‘खजिना सापडला’ म्हणत फिरवू नका. फोटो काढा आणि वनखात्याला किंवा पोलिसांना द्या. आणि गावात गुप्तधनाची कुजबुज कानावर आली, त्यात एखाद्या पोराचं नाव आलं, तर ‘मोठ्यांच्या भानगडीत कशाला पडा’ म्हणून गप्प बसू नका. ११२ लावा, मुलासाठी १०९८ लावा. घरातलं कुणी रागावेल, चार दिवस बोलणार नाही. चालेल. पोर घरी असेल.