आरोग्याच्या कार्डावर तालीम मिळते का?



औंढा नागनाथ तालुक्यातील जवळा बाजारहून एका भगिनीचे पत्र आले आहे. त्या लिहितात, "मालकांना साखरेचा विकार निघाला. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या आणि रोज व्यायाम करा म्हणून सांगितले. थोरला मुलगा पोलीस भरतीची तयारी करतो, त्याला बाजारातल्या जिममध्ये नाव घालायचे आहे. हळदीचा पैसा देणी भागवण्यातच संपला. घरात सरकारचे पाच लाखांचे आरोग्य कार्ड आहे. त्यातून जिमची फी भरता येते, असे कोणी म्हणाले. हे खरे का?"

ताई, हे खरे नाही. त्या कार्डातून व्यायामशाळेच्या फीसाठी एक रुपयाही मिळत नाही. मात्र तुमचा प्रश्न रास्त आहे. तो पुष्कळ घरांत पडत असणार, म्हणून सर्वांसाठीच सविस्तर लिहितो.

आधी कार्ड कशासाठी आहे ते पाहू. आपल्या राज्यात २ जुलै २०१२ रोजी आठ जिल्ह्यांत राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना सुरू झाली. २०१३ च्या नोव्हेंबरात ती सगळ्या राज्यात लागू झाली. २०१७ मध्ये तिला महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना हे नाव मिळाले. केंद्राची आयुष्मान भारत योजना सप्टेंबर २०१८ मध्ये आली आणि २०२० पासून दोन्ही योजना राज्यात एकत्र चालू लागल्या. पूर्वी पिवळ्या व केशरी शिधापत्रिकेवर लाभ मिळे. हिंगोलीसह मराठवाडा-विदर्भातील चौदा जिल्ह्यांत मात्र पांढऱ्या शिधापत्रिकेच्या शेतकऱ्यालाही तो होता. २०२३ साली शासनाने निर्णय घेतला आणि २०२४ पासून सर्वच शिधापत्रिकाधारक कुटुंबांना पाच लाखांपर्यंतचे संरक्षण लागू झाले. हे पाच लाख सबंध कुटुंबामागे वर्षाला आहेत, माणसामागे नाहीत, हे ध्यानात असू द्या.

हा पैसा केव्हा मिळतो? माणूस योजनेतल्या दवाखान्यात दाखल झाला आणि त्याचा आजार योजनेच्या यादीत असला, म्हणजे मिळतो. हृदयाच्या शिरेत अडथळा आला, मूत्रपिंड थकले आणि डायलिसिस लागले, कर्करोग निघाला, तर हे कार्ड घर वाचवते. शेत गहाण पडण्याची वेळ टळते, ही काही लहान गोष्ट नाही. पण नुसती तपासणी करून चिठ्ठी घेऊन घरी आलात, तर तो खर्च सहसा यात बसत नाही. मग जिमची फी कोठून बसणार? घर पडले तर भरपाई देणारा विमा घराची वर्षाची डागडुजी करून देत नाही, तसेच हे आहे.

शहरातल्या लोकांना मिळत असेल, असे कोणाच्या मनात येईल. पैसे भरून घेतलेल्या खाजगी आरोग्य विम्यात २०२० पासून काही कंपन्या व्यायाम करणाऱ्याला गुण देतात आणि त्या गुणांवर जिमच्या किंवा योगवर्गाच्या फीत सवलत देऊ शकतात. पण त्यासाठी हप्ता आपल्या खिशातून जातो. अमेरिकेतही वृद्धांसाठी मेडिकेअर नावाचा सरकारी विमा आहे. त्याच्या मूळ योजनेत जिमची फी बसत नाही. खाजगी कंपन्यांमार्फत घेतलेल्या मेडिकेअर योजनांपैकी काहींत ती जादा सवलत म्हणून असते. जर्मनीत सक्तीचा आरोग्य विमा आहे. तिथल्या विमा संस्था पाठीच्या व्यायामाचे किंवा योगाचे मान्यताप्राप्त वर्ग केले तर खर्चाचा वाटा उचलतात. जिमच्या महिन्याच्या फीसाठी मात्र हा वाटा नाही. यातून एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. जिथे विम्याचा पैसा व्यायामाकडे वळला, तिथेही तो यंत्रापेक्षा शिकवणाऱ्याकडे जास्त गेला.

आता आपल्याकडे काय आहे ते बघा. कार्डाच्या दाराने नसले तरी सरकारचा पैसा दुसऱ्या दोन दारांनी गावात येतो.

पहिले दार म्हणजे आपले आरोग्य उपकेंद्र. आज त्यावर आयुष्मान आरोग्य मंदिर अशी पाटी असते. तिथे समुदाय आरोग्य अधिकारी असतो. तीस वर्षांपुढच्या प्रत्येक स्त्री-पुरुषाचा रक्तदाब आणि साखर तिथे फुकट तपासली जाते. तोंडाच्या कर्करोगाची आणि स्त्रियांच्या स्तन व गर्भाशयमुखाच्या कर्करोगाची तपासणीही याच कामात मोडते. आशाताई घरी येऊन एक तक्ता भरतात. त्यात वय, तंबाखू, कमरेचा घेर असे प्रश्न असतात आणि आठवड्यात दीडशे मिनिटे अंगमेहनत होते का, असाही एक प्रश्न असतो. घाईने "होते" म्हणून मोकळे होऊ नका, खरे सांगा. गावात योगाचे वर्ग घेणे हेही या केंद्राच्या ठरलेल्या कामांपैकी आहे. तुमच्या गावात ते होत नसतील तर मागा. उपकेंद्राची जन आरोग्य समिती असते आणि तिचे अध्यक्ष सरपंच असतात. तिथे हा विषय काढता येतो.

दुसरे दार क्रीडा खात्याचे. राज्य शासनाची व्यायामशाळा विकास अनुदान योजना आहे. ग्रामपंचायत, शाळा किंवा नोंदणी झालेली संस्था जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे अर्ज करू शकते. जागेचे कागद नीट लागतात. इमारत आणि साहित्य, दोन्हींसाठी अनुदानाची सोय आहे. आपल्या भागाच्या अटी आणि रक्कम हिंगोलीच्या जिल्हा क्रीडा कार्यालयात विचारून घ्या. गावोगावी मारुतीच्या देवळाजवळ किंवा शाळेच्या आवारात खुल्या व्यायामशाळेची रंगीत यंत्रे दिसतात, तीही अशाच सार्वजनिक निधीतून येतात.

पण या यंत्रांची दशा तुम्ही पाहिली असेल. पहिले सहा महिने पोरांची गर्दी होते. मग एकाचा नट सुटतो, दुसऱ्याचा दांडा गंजतो आणि त्यावर कपडे वाळू लागतात. यंत्र आणले तेव्हा फोटो निघाला, पण वंगण कोण घालणार हे ठरले नाही. कसा वापर करायचा हेही कोणी शिकवले नाही. जुन्या तालमीत असे होत नव्हते. तिथे वस्ताद असे. हौद्याची माती कोणी उकरायची, तेल-हळद कोणी आणायची, नव्या पोराने आधी किती बैठका काढायच्या, हे सारे तो सांगे. अमरावतीचे श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ साली एका आखाड्यातून उभे राहिले आणि त्यातून व्यायाम शिकवणाऱ्यांच्या पिढ्या घडल्या. नुसत्या साहित्यावर हे घडले नसते.

म्हणून आमचे सांगणे असे की, ग्रामसभेत यंत्रे मागण्याआधी शिकवणारा मागा.

आता कोणी म्हणेल, शेतकऱ्याला व्यायाम कशाला हवा, दिवसभर राबतोच की! हे अर्धेच खरे आहे. हळद काढणीला, शिजवणीला आणि कापूस वेचणीला अंग मोडून काम होते. पण पेरणी ट्रॅक्टरवर आली, शेतात जाणे मोटारसायकलवर आले आणि चैत्र-वैशाखात बरेच दिवस पारावर जातात. साखरेच्या विकाराला असे हंगामी काम पुरत नाही, त्याला रोजचे चालणे लागते. जागतिक आरोग्य संघटनेने २०२० साली सांगितलेले माप सोपे आहे. मोठ्या माणसाने आठवड्यात किमान १५० मिनिटे दम थोडा वाढेल असे काम करावे आणि दोन दिवस तरी स्नायूंना जोर पडेल असा व्यायाम करावा. म्हणजे आठवड्यातले पाच दिवस अर्धा-अर्धा तास झपाझप चालणे आणि दोन दिवस झेपतील तेवढ्या बैठका. याला फी पडत नाही. मात्र साखरेच्या गोळ्या चालू असतील तर उपाशीपोटी फार चालू नका आणि सुरुवात डॉक्टरांना विचारून करा. चालताना छातीत दुखले किंवा घेरी आली तर थांबा आणि त्याच दिवशी दाखवून घ्या.

दुसरी गोष्ट, राबणे आणि व्यायाम एक नव्हे. आमच्या भगिनी दिवसभर उकिडवे बसून खुरपतात. तेच गुडघे आणि तीच कंबर रोज झिजते. त्यांना आणखी जोर नको. आखडलेले अंग उलट्या बाजूने ताणणे, पाठ मोकळी करणे आणि ते बरोबर करायला शिकणे, हे त्यांना हवे. देशात अंगमेहनत कमी पडणाऱ्यांत पुरुषांपेक्षा स्त्रियांचे प्रमाण जास्त असल्याचे २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या जागतिक पाहणीत दिसले. शेतातल्या बाईला हे पटणार नाही, पण गावात शिवणयंत्रावर आणि दुकानात बसून काम करणाऱ्या बायका वाढल्या आहेत. आणि तालमीत बाईला जागा कुठे आहे? म्हणून महिला ग्रामसभेत ठराव घ्या की, शाळेची खोली किंवा समाजमंदिर संध्याकाळी एक तास बायकांसाठी राखून ठेवावे आणि उपकेंद्राने तिथे योगवर्ग घ्यावा.

आता भरतीच्या मुलाबद्दल. पोलीस शिपायाच्या मैदानी चाचणीत मुलांना १६०० मीटर व १०० मीटर धावणे आणि गोळाफेक असते. मुलींना ८०० मीटर, १०० मीटर आणि गोळाफेक असते. यातले काहीही जिमच्या आरशासमोर होत नाही. महिना पाचशे रुपये फी धरली तरी वर्षाला सहा हजार होतात. तेवढ्यात चांगले बूट, सरावाचा गोळा आणि दूध-अंडी-डाळीचा बराच खर्च निघतो. पण पोरे पहाटे अंधारात डांबरी रस्त्यावर धावतात, तिथे मालमोटारींची भीती असते. शाळेचे मैदान पहाटे उघडे राहावे आणि तिथे एक दिवा असावा, हा ठराव ग्रामसभेने केला तर गावातल्या सगळ्या मुला-मुलींचे काम होईल.

शेवटी कार्डाविषयी सावधगिरी. "या कार्डावर जिम, चष्मा, टॉनिक मिळते" असे सांगून कोणी अंगठा मागितला किंवा मोबाईलवर आलेला आकडा मागितला, तर देऊ नका. शंका असेल तर १५५३८८ या क्रमांकावर विचारा. योजनेतल्या दवाखान्यात आरोग्यमित्र बसतो, तोही सांगतो. घरात सत्तरी ओलांडलेले कोणी असेल तर त्यांचे वेगळे आयुष्मान कार्ड निघते. २०२४ च्या ऑक्टोबरपासून ही सोय आहे आणि तिला उत्पन्नाची अट नाही. कार्ड आजारपणाआधी काढा. दवाखान्याच्या दारात आधारकार्डातले नाव जुळेना म्हणून धावाधाव करण्याची पाळी येऊ नये.

थोडक्यात, ताई, कार्ड पेटीत जपून ठेवा, ते अडचणीच्या दिवसासाठी आहे. मालकांना उद्यापासून बांधावरून अर्धा तास चालायला लावा आणि जमेल तेव्हा तुम्हीही सोबत जा. मुलाला मैदान मिळवून द्या. आणि येत्या ग्रामसभेला, हातातले काम जरा बाजूला ठेवून, चार जणींना घेऊन जरूर जा.