मोबदला कोणाचा?

भिवंडीहून वाड्याकडे जाताना अंबाडी लागते. तेथील नाक्यावरून वज्रेश्वरीचा रस्ता फुटतो. याच भिवंडी तालुक्यातील शेतजमिनी मुंबई-वडोदरा द्रुतगती महामार्गासाठी सरकारने संपादन केल्या आणि भाताच्या काही पोत्यांवर वर्ष काढणाऱ्या घरांपुढे लाखांच्या रकमा येऊन ठाकल्या. वाचकहो, जमीन होती तोवर भावंडांचा एकोपा टिकतो, कारण वाटून घेण्यासारखे तीत फारसे नसते. तंटा उभा राहतो तो रकमेपाशी.

वडील वारले की सातबाऱ्यावर थोरल्याचे नाव 'ए. कु. मॅ.', म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर, या शेऱ्यासह चढवावयाचे आणि बहिणींची नावे इतर हक्कांच्या रकान्यात ढकलावयाची, ही आपल्याकडील जुनी रीत. कालांतराने शेऱ्याचा विसर पडतो व थोरला स्वतःस मालक समजू लागतो. वास्तविक सातबारा हा महसुली कागद होय. त्याने मालकी जन्मास येत नाही, की बहिणीचा हक्क मरत नाही. मॅनेजरच्या हाती पडलेला पैसा सर्वांचाच असतो.

"आम्ही बौद्ध झालो, आम्हांस हिंदूंचा वारसा कायदा कसला?" असे म्हणून कोणी बहिणीस परत पाठवीत असेल, तर त्याने १९५६ चा हिंदू वारसा अधिनियम उघडून पाहावा. त्याच्या दुसऱ्याच कलमात बौद्धांचा स्पष्ट उल्लेख आहे. वडिलांच्या स्वकष्टार्जित जमिनीचे मृत्युपत्र नसेल, तर आई, मुलगा व मुलगी यांस सारखा वाटा. मागे आई, दोन भाऊ व एक बहीण असतील, तर ४० लाखांपैकी प्रत्येकाचे १० लाख. बहीण आधीच वारली असेल तर तिचा वाटा तिच्या मुलांचा. वडिलोपार्जित मिळकतीतही मुलीस जन्मतः मुलाइतकाच हक्क आहे, हे २००५ च्या दुरुस्तीने ठरले. आणि त्यासाठी ९ सप्टेंबर २००५ रोजी पिता हयात असण्याची जरुरी नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी दिला. ज्या हिंदू कोड बिलाच्या प्रश्नावर बाबासाहेबांनी १९५१ साली मंत्रिपदाचा राजीनामा दिला, त्यातील कन्येचा वाटा त्यांच्याच अनुयायांच्या घरात बुडावा, याहून लाजिरवाणे काय असू शकेल?

महार वतनाच्या जमिनींत गुंता अधिक. १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ गाववतने नष्ट झाली व जमिनी नियंत्रित सत्तेवर परत मिळाल्या. तो कागद पुष्कळदा एकाच्याच नावे झाला. आज त्यामागे तीन पिढ्यांचे वारस उभे आहेत. वतनी जमिनीच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली असे ठरविले, की एकाच्या नावे झालेले पुनर्प्रदानही एकत्र कुटुंबाच्याच लाभाचे असते. तेव्हा कागदावरील नावाने घाबरून जाण्याचे कारण नाही.

आता उपाय. राष्ट्रीय महामार्ग अधिनियमानुसार रक्कम ठरविण्यापूर्वी सक्षम प्राधिकाऱ्यास दोन स्थानिक वृत्तपत्रांत नोटीस देऊन सर्व हितसंबंधितांचे दावे मागवावे लागतात. मुंबईस चाळीत राहणारा भाऊ वा सासरी गेलेली बहीण ती नोटीस वाचीत नाही, आणि गावी राहिलेला मुद्दाम कळवीत नाही! वाटणीबद्दल वाद निघाल्यास तो सक्षम प्राधिकाऱ्याने स्वतः निकालात काढावयाचा नसून कलम ३ ह (४) अन्वये मुख्य दिवाणी न्यायालयाकडे पाठवावयाचा असतो. २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने हेच पुन्हा बजावले आहे. परंतु वाद आहे हे प्राधिकाऱ्यास कळले तरच ना? म्हणून आपली हरकत लेखी द्यावी, वंशावळ व जुन्या फेरफारांच्या नकला जोडाव्यात आणि पोच घेतल्यावाचून कचेरीतून उठू नये. रक्कम भावाच्या खात्यात जाऊन खर्च झाल्यावर दावा लावता येतो, पण तो वर्षानुवर्षे चालतो.

आणखी एक. साडीचोळी करून, जेवू घालून, "ही नुसती सही आहे" असे सांगत बहिणीपुढे हक्कसोडपत्र सरकविले जाते. तिने ते घरी न्यावे, जाणत्याकडून वाचून घ्यावे, आणि आपल्या वाट्याचा आकडा त्यात लिहिलेला नसेल तर कोरेच परत करावे.